मुंबईचीं एकोणचाळीस मिनिटें

मुंबईच्या ओव्हल मैदानावर उभें राहून पूर्वेकडे दृष्टि टाकिली म्हणजे विद्यापीठाच्या आवारांतील राजाबाई मनोरा झाडांच्या शेंड्यांवर डोकें काढून उभा असलेला दिसतो. २८० फूट उंचीचा हा मनोरा १८७८ मध्यें बांधून पुरा झाला, तेव्हां शहरांत त्याच्याहून उंच इमारत दुसरी नव्हती. आज त्याला खुजा ठरविणाऱ्या कितीतरी इमारती उभ्या राहिल्या आहेत, आणि ज्याच्या त्याच्या हातावर व खिशांत घड्याळ आहे. तरीहि मैदान ओलांडून जाणाऱ्या मनुष्याची मान सहज वर होते, आणि नजर त्या तबकडीवर जाऊन ठरते.

सार्वजनिक घड्याळाकडे पाहणारा मनुष्य त्याला एकच प्रश्न विचारतो: किती वाजले? परंतु त्याच घड्याळाला दुसराहि एक प्रश्न विचारतां येतो, आणि इतिहासाच्या दृष्टीनें तोच अधिक महत्त्वाचा आहे. घड्याळ जी वेळ दाखवितें, ती वेळ कोणाची? ती आकाशांतील सूर्याची, कीं सरकारच्या हुकुमाची, कीं ज्या शहरांत तें घड्याळ उभें आहे त्या शहराची? हा प्रश्न आज कोणी विचारीत नाहीं. वेळ ही हवेसारखी सर्वत्र एकच आहे असें आपण गृहीत धरून चालतों. मुंबईनें मात्र तो सुमारें सत्तर वर्षें विचारला. त्या वादाची सुरुवात ज्या घड्याळांपाशीं झाली, त्यांत राजाबाई मनोऱ्याच्या घड्याळाचें स्थान पहिलें आहे.

घड्याळें येण्यापूर्वीं आपल्याकडे वेळ मोजीत नसत असें मुळींच नाहीं. अहोरात्राच्या ६० घटका आणि घटकेचीं ६० पळें, हें माप पंचांगांत आणि व्यवहारांत रूढ होतें. पाण्यानें भरलेल्या घंगाळांत, तळाशीं बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी सोडावयाची. ती हळूहळू भरून बुडाली म्हणजे एक घटका, म्हणजे आजचीं २४ मिनिटें झालीं. हें घटिकापात्र लग्नमंडपांत मुहूर्ताचा क्षण सांगे. 'तास' हा शब्दसुद्धां पूर्वीं टोले देण्याच्या धातूच्या थाळीला लावीत. थाळीचें नांव पुढें तिच्यावर वाजणाऱ्या वेळेला मिळालें. या जुन्या मोजणींत एक गोष्ट विशेष ध्यानांत घेण्यासारखी आहे. घटकांची गणना सूर्योदयापासून होई. अर्थात् ज्या गांवीं सूर्य जेव्हां उगवेल, तेव्हां त्या गांवचा दिवस सुरू होई. प्रत्येक गांवाला त्याची स्वतःची वेळ होती, आणि ती कोणाकडून मागून आणावी लागत नसे.

राजाबाई मनोऱ्याची कथा सुरू होते ती मात्र निराळ्याच प्रकारच्या काळांत. १८६१ मध्यें अमेरिकेंत यादवी युद्ध पेटलें. दक्षिणेकडील संस्थानांतून लँकेशायरच्या गिरण्यांना जाणारा कापूस बंद पडला, आणि हिंदुस्थानच्या कापसाला कधीं नव्हता इतका भाव आला. मुंबईत पैशाचा पूर लोटला. बँका, विम्याच्या व व्यापाराच्या कंपन्या, समुद्र हटवून जमीन करणाऱ्या कंपन्या पावसाळ्यांतील छत्र्यांप्रमाणें उगवल्या. बॅकबे रेक्लमेशन कंपनीच्या ५,००० रुपये भरलेल्या शेअरला ५०,००० पर्यंत भाव गेला. या सर्व उलाढालीच्या मध्यभागीं एक गृहस्थ होते. त्यांचें नांव प्रेमचंद रायचंद. सुरतेकडून आलेल्या या जैन व्यापाऱ्याचा शब्द बाजारांत नाण्यासारखा चाले.

१८५७ मध्यें स्थापन झालेल्या मुंबई विद्यापीठाला त्या वेळीं स्वतःचें घर नव्हतें. १८६४ मध्यें प्रेमचंद रायचंदांनीं विद्यापीठाला ग्रंथालयासाठीं दोन लाख रुपये दिले, आणि पाठोपाठ घंटांसह एक मनोरा बांधण्यासाठीं आणखी दोन लाख रुपये दिले. या मनोऱ्याला आपल्या मातेचें, राजाबाईचें नांव असावें, एवढीच त्यांची इच्छा होती.

पुढचें वर्ष उजाडलें तें निराळें. एप्रिल १८६५ मध्यें अमेरिकेंतील युद्ध संपत आलें आणि कापसाचा भाव कोसळला. मुंबईच्या बाजारांत त्या वेळीं मुदतीचे सौदे भरमसाट झालेले होते. आज भाव ठरवावयाचा आणि पैसे पुढील तारखेस द्यावयाचे, असा तो व्यवहार. अशा असंख्य सौद्यांची मुदत १ जुलै १८६५ या एकाच दिवशीं भरत होती. तो दिवस आला आणि देणेकऱ्यांजवळ द्यावयास कांहीं नव्हतें. मोठमोठ्या पेढ्या बुडाल्या. खुद्द बँक ऑफ बाँबेहि पुढें सावरूं शकली नाहीं. प्रेमचंद रायचंदांची सारी माया त्या लाटेबरोबर गेली. उसन्या काळावर उभारलेली संपत्ति काळ परत मागावयास येतांच नाहींशी झाली. परंतु जी रक्कम त्यांनीं आधींच विद्यापीठाच्या हवालीं केली होती, ती वांचली. मुदतीच्या सौद्यांत मिळालेल्या पैशांतून शहराला मुदत दाखविणारें घड्याळ मिळालें, हा योगायोग मुंबईच्या इतिहासाला साजेसाच म्हटला पाहिजे.

मनोऱ्याची कोनशिला १ मार्च १८६९ रोजीं बसली. नकाशे काढले सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट या विलायती शिल्पज्ञानें. त्यानें आयुष्यांत कधीं मुंबई पाहिली नाहीं. त्याच्या डोळ्यांपुढें लंडनच्या पार्लमेंटचा घड्याळ-मनोरा होता. पण दगड आला तो कुर्ल्याच्या खाणींतला पिवळसर दगड व कोरीव कामाला पोरबंदरचा. आणि बांधणारे हात होते ते येथल्याच पाथरवटांचे. मनोऱ्याच्या अंगावर पश्चिम हिंदुस्थानांतील निरनिराळ्या जातिजमातींच्या २४ मूर्ति बसविलेल्या आहेत. त्यांचे नमुने रावबहादूर मुकुंद रामचंद्र या येथल्याच अभियंत्यानें तयार केले. विलायतच्या सांच्यांत ओतलेल्या इमारतीच्या अंगावर अशा रीतीनें येथलीं माणसें आपापल्या पागोट्यांसह उभीं राहिलीं. नोव्हेंबर १८७८ मध्यें बांधकाम पुरें झालें. ग्रंथालय व मनोरा मिळून खर्च सुमारें साडेपांच लाख रुपये आला.

घंटांची योजना मोठी हौशी होती. त्यांच्यावर १६ निरनिराळ्या सुरावटी वाजत, आणि त्यांत 'रूल ब्रिटानिया'पासून 'होम, स्वीट होम'पर्यंतचीं विलायती गीतें होतीं. दिवसाच्या निरनिराळ्या प्रहरीं सूर बदलत. मुंबईच्या माणसाला या गाण्यांतून कितपत अर्थबोध होत असेल तें सांगणें कठीण आहे. पण टोले मोजण्यास भाषा लागत नाहीं.

मनोऱ्याविषयीं लोकांमध्यें एक आख्यायिका फार प्रिय आहे. राजाबाई वृद्धपणीं दृष्टीला अधू झाल्या होत्या; जैन धर्माप्रमाणें सूर्यास्तापूर्वीं भोजन उरकण्याचा त्यांचा नेम होता; दुसऱ्या कोणास न विचारतां त्यांना वेळ कळावी म्हणून पुत्रानें हा घंटांचा मनोरा उभारविला, अशी ती कथा. तिला दस्तऐवजाचा दर्जा देतां येणार नाहीं. परंतु लोकांनीं ही कथा जपून ठेविली, तीत एक मर्म आहे. लोकांच्या मनांत त्या घड्याळाचें काम सरकारी कचेऱ्या उघडण्याचें नव्हतें. एका वृद्ध बाईला तिच्या घरावरचा सूर्य केव्हां मावळणार तें सांगणें, हें त्याचें काम होतें. मनोरा पुरा होऊन सुमारें तीन वर्षें झालीं तोंच हीं दोन कामें एकमेकांच्या आड आलीं.

हा विरोध कसा उत्पन्न झाला तें समजण्यास थोडा भूगोल पाहिला पाहिजे. पृथ्वी २४ तासांत स्वतःभोंवतीं एक फेरा करिते. म्हणजे एका तासांत १५ अंश, आणि एका अंशाला ४ मिनिटें. पूर्वेकडील गांवीं सूर्य आधीं माथ्यावर येतो, पश्चिमेकडील गांवीं मागाहून. मुंबईचें मध्यान्ह पुण्याच्या मध्यान्हाहून सुमारें ४ मिनिटें मागाहून होतें, आणि नागपूरच्या मध्यान्हाहून सुमारें २५ मिनिटें. मद्रास आणि मुंबई यांत सुमारें अर्ध्या तासाचा फरक पडतो. कलकत्ता आणि मुंबई यांत एक तासाहून अधिक. बैलगाडीच्या किंवा गलबताच्या काळांत या फरकाचें कोणाला कांहीं वाटत नसे. पुण्याहून मुंबईस येण्याला जेथें कित्येक दिवस लागत, तेथें चार मिनिटांचा हिशेब कोण करणार?

१६ एप्रिल १८५३ रोजीं बोरीबंदरहून ठाण्याकडे पहिली आगगाडी निघाली आणि हा निश्चिंतपणा संपला. लोहमार्ग जसजसे लांबत गेले तसतसें वेळापत्रक हें कोडें होऊं लागलें. दर स्टेशनची वेळ निराळी धरली तर गाड्यांची टक्कर टाळणेंहि अवघड. म्हणून रेल्वेनें सर्व देशभर मद्रासची वेळ पत्करली. मद्रासला १७९२ पासून वेधशाळा होती, तेथून तारेनें वेळ कळवितां येई, आणि मद्रास हें मुंबई व कलकत्ता यांच्या जवळजवळ मधोमध पडे. रेल्वेपुरती ही व्यवस्था शहाणपणाची होती, आणि मुंबईच्या लोकांनींहि ती रेल्वेपुरती मानली. स्टेशनांत शिरतांना घड्याळ अर्धा तास पुढें करावयाचें, बाहेर येतांना मागें. शहराच्या व्यवहारांत मुंबईचीच वेळ चाले. कुलाब्याच्या वेधशाळेंत ती ताऱ्यांचे वेध घेऊन ठरविली जाई, आणि बंदरांतील जहाजें तिच्यावरून आपलीं घड्याळें तपाशीत.

१८८१ मध्यें मुंबईचे गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनीं हुकूम काढला कीं, १ डिसेंबरपासून मुंबईंतील सरकारी कचेऱ्यांनीं मद्रासची वेळ पाळावी. हेच ते फर्ग्युसनसाहेब, ज्यांचें नांव चार वर्षांनीं पुण्याच्या नव्या कॉलेजाला देण्यांत आलें. गव्हर्नरांचा हेतु वाईट होता असें म्हणतां येत नाहीं. रेल्वे एक वेळ पाळिते आणि शहर दुसरी, यांत घोटाळा होतो, तो मिटवावा, असा सरळ विचार त्यांनीं केला असावा. पण हा हुकूम शहराला विचारून निघाला नव्हता. कारकुनाला घरून अर्धा तास आधीं निघावें लागलें. वकिलाला, पक्षकाराला, सरकारदरबारीं काम असलेल्या व्यापाऱ्याला आपला दिवस मद्रासच्या सूर्याप्रमाणें आंखावा लागला. सरकारी कचेरींत दहा वाजत, तेव्हां बाजारांत साडेनऊ वाजलेले असत. वर्तमानपत्रांत टीकेचा भडिमार झाला, आणि शहराच्या बहुतेक व्यवहारानें नव्या वेळेकडे पाठ फिरविली.

या झगड्यांत सर्वांचे डोळे विद्यापीठाच्या मनोऱ्याकडे लागले. घड्याळ विद्यापीठाच्या मालकीचें होतें, पण तें पाहत सारा कोट. तें ज्या वेळेला वाजेल ती शहराची वेळ, अशी लोकांची भावना होती. विद्यापीठाच्या सेनेटपुढें प्रश्न आला, आणि सेनेटनें मुंबईच्या वेळेच्या बाजूनें कौल दिला. सरकार यावर रुसलें. रात्रीच्या वेळीं तबकड्या उजळण्याचा खर्च सरकारी तिजोरींतून मिळावयाचा होता. जें घड्याळ सरकारी वेळ दाखवीत नाहीं, त्याच्या दिवाबत्तीला सरकार पैसे देणार नाहीं, असें बजावण्यांत आलें. ज्या मनोऱ्याच्या घंटा 'रूल ब्रिटानिया'चे सूर काढीत, त्याच मनोऱ्याचे कांटे ब्रिटिश गव्हर्नराचा हुकूम मानीत नव्हते, हें दृश्य विलक्षण खरें. अखेर १८८३ मध्यें सरकारनें माघार घेतली. मद्रासची वेळ रेल्वेपुरती राहिली, आणि कचेऱ्या पुन्हां मुंबईच्या वेळेनें उघडूं लागल्या.

हा विजय बावीस-तेवीस वर्षें टिकला. तोंपर्यंत जगांतील वारे बदलले होते. १८८४ मध्यें वॉशिंग्टन येथें २५ देशांच्या प्रतिनिधींची परिषद भरून ग्रीनिच येथील रेखावृत्त हें मूळ रेखावृत्त म्हणून मान्य झालें. त्यानंतर एकामागून एक देश आपली वेळ ग्रीनिचपासून पूर्ण किंवा अर्ध्या तासाच्या अंतरावर बसवूं लागले. हिंदुस्थान सरकारनें ८२ अंश ३० कला या रेखावृत्ताची, म्हणजे ग्रीनिचच्या साडेपांच तास पुढची वेळ पसंत केली. १ जुलै १९०५ पासून रेल्वे व तार या खात्यांनीं ती स्वीकारली, आणि १ जानेवारी १९०६ पासून ती सार्वत्रिक करण्याचें ठरलें. मद्रासला यामुळें सुमारें ९ मिनिटें पुढें सरकावें लागलें. कलकत्त्याला सुमारें २४ मिनिटें मागें यावें लागलें. मुंबईची वेळ ग्रीनिचच्या ४ तास ५१ मिनिटें पुढें; तिला ३९ मिनिटांची उडी घ्यावी लागणार होती.

ही उडी कोणत्या दिवसांत आली तेंहि लक्षांत घेतलें पाहिजे. १६ ऑक्टोबर १९०५ रोजीं बंगालची फाळणी अमलांत आली होती. लोकमताची पर्वा न करतां वरून फिरणाऱ्या लेखणीविषयीं सर्व देशांत संताप होता, आणि स्वदेशीचें वारें महाराष्ट्रांतहि जोरानें वाहत होतें. अशा वेळीं वेळ बदलण्याचा हुकूम हा निव्वळ खगोलशास्त्राचा प्रश्न राहूं शकत नव्हता.

सर्वांत आधीं बोलले ते लेखणीचे लोक नव्हेत. ते गिरणीकामगार होते. जानेवारी १९०६ च्या आरंभींच मुंबईंत कामगारांनीं नव्या वेळेविरुद्ध काम बंद ठेवलें आणि दगडफेकहि झाली. या रागाला अज्ञान म्हणून हंसणें सोपें आहे, पण तें न्यायाचें होणार नाहीं. त्या काळीं प्रौढ पुरुषांच्या कामाच्या तासांना कायद्याची मर्यादा नव्हती. कापडगिरण्यांपुरती १२ तासांची मर्यादा आली ती १९११ च्या कायद्यानें. पूर्वीं गिरणीचा दिवस सूर्याच्या उजेडानें बांधलेला असे. विजेचे दिवे आले, तशी ती मर्यादाहि गेली, आणि १९०५ च्या सुमारास कित्येक गिरण्यांतून दिवस फार लांबविला गेला होता. अशा स्थितींत मालकाच्या घड्याळाचा कांटा एके सकाळीं ३९ मिनिटें पुढें सरकलेला दिसला, तर कामगारानें काय समजावें? हिंवाळ्याच्या पहाटेच्या काळोखांत त्याला आणखी लवकर उठावयाचें होतें, हें तर निश्चित होतें. संध्याकाळीं तितकेंच लवकर सोडतील, याची हमी त्याला कोण देणार होतें? त्याच्याजवळ स्वतःचें घड्याळ नव्हतें. त्याचा साक्षीदार सूर्य होता, आणि सूर्याची साक्ष आतां कोणी ऐकून घेणार नव्हतें.

शहरांतील सुशिक्षितांनीं अर्ज केले, सभा भरविल्या, हजारों सह्या गोळा केल्या. सरकार नमलें नाहीं. तेव्हां नगरपालिकेंत सर फिरोजशहा मेहता यांनीं विरोधाचा झेंडा उभारला. सरकारनें लोकांना विश्वासांत घेतलेलें नाहीं, हा त्यांच्या म्हणण्याचा गाभा होता. नगरपालिकेच्या ताब्यांतील घड्याळें मुंबईची वेळ दाखवीत राहतील, असा निर्णय झाला. सरकारी कचेऱ्या, रेल्वे व तार यांची वेळ स्टँडर्ड. नगरपालिकेची व तिच्यामागें जाणाऱ्या संस्थांची आणि पुष्कळशा घरांची वेळ मुंबई टाइम. ज्यांच्या मातेच्या नांवाचा मनोरा या वादांत पहिल्यानें उतरला होता, ते प्रेमचंद रायचंदहि याच वर्षीं, १९०६ मध्यें, निवर्तले.

पुढें चार दशकांहून अधिक काळ मुंबई शहर दोन वेळांत नांदलें. बोरीबंदर स्टेशनांत रेल्वेची वेळ. रस्ता ओलांडून समोर गेलें कीं नगरपालिकेच्या कारभारांत मुंबईची. लग्नाच्या निमंत्रणपत्रिकेवर मुहूर्ताच्या आंकड्यापुढें 'स्टँ. टा.' किंवा 'मुं. टा.' अशी खूण घालावी लागे, नाहींतर पाहुणे अक्षता पडून गेल्यावर पोंचावयाचे. कोणी वेळ सांगितली कीं ऐकणारा विचारी, "कोणत्या टाइमानें?" परगांवच्या मनुष्याला ही तऱ्हा चमत्कारिक वाटे. मुंबईकराला ती अंगवळणी पडली होती, आणि तिचा त्याला थोडासा अभिमानहि होता.

या सर्व प्रकरणाचा न्यायनिवाडा कसा करावा? प्रमाणवेळ ही सोयीची आहे, यांत शंका नाहीं. एका देशांत तार, आगगाडी, न्यायालय आणि पुढें रेडिओ हीं सर्व एका वेळेनें चाललीं पाहिजेत. तिच्याविरुद्ध जी मोठी तक्रार केली जाई, कीं मुंबईची वेळ ही निसर्गाची व देवाची आणि स्टँडर्ड वेळ ही माणसानें बनविलेली, तीहि काटेकोरपणें खरी नव्हती. वर्षभर सूर्य घड्याळासारखा नियमित चालत नाहीं. नोव्हेंबरच्या आरंभीं तो घड्याळाच्या मध्यान्हापूर्वीं १६ मिनिटें माथ्यावर येतो, तर फेब्रुवारीच्या मध्याला १४ मिनिटें उशिरा. या चढउतारांची सरासरी काढून जी वेळ बसते, ती मुंबईची वेळ. म्हणजे तीहि गणितानें घडविलेली होती, आणि तिला घरोघर पोंचविणारीं घड्याळें तर विलायतेचीं होतीं. घटिकापात्राची सूर्योदयापासूनची वेळ मुंबईनें केव्हांच सोडून दिली होती. आणि तिच्यासाठीं कोणी सभा भरविली नव्हती. माणसाची आठवण ही अशीच आहे. आजोबांच्या काळची नवी गोष्ट नातवाला अनादि वाटते.

मग मुंबईकर झगडले तें कशासाठीं? त्या झगड्याचा अर्थ ३९ मिनिटांत शोधूं गेल्यास सांपडत नाहीं. तो फिरोजशहांच्या आक्षेपांत आणि गिरणीकामगारांच्या दगडांत सांपडतो. आमचा दिवस केव्हां उगवला हें ठरवितांना आम्हांला कोणी विचारलें नाहीं, ही ती तक्रार होती. ज्या प्रजेला राज्यकारभारांत मत नव्हतें, तिनें निदान आपल्या भिंतीवरच्या घड्याळांत मत राखून ठेविलें. कर द्यावे लागत, कायदे पाळावे लागत. पण किती वाजले हें सांगतांना मुंबईचा मनुष्य दिवसांतून दहा वेळां, कोणताहि गुन्हा न करतां, सरकारशीं असहमत होऊं शकत होता.

म्हणूनच या वादाचा शेवट कसा झाला तें पाहण्यासारखें आहे. कलकत्त्यानें आपली जुनी वेळ १९४८ मध्यें सोडली. मुंबईची वेळहि स्वातंत्र्य आल्यानंतर, विसाव्या शतकाच्या मध्यास, नगरपालिकेच्या घड्याळांवरून उतरली. जी गोष्ट दोन गव्हर्नरांच्या कारकीर्दींत हुकुमानें साधली नव्हती, ती आतां फारशी खळबळ न होतां घडून आली. सूर्य तोच होता, ३९ मिनिटेंहि तींच होतीं. पण प्रमाणवेळ आतां परक्याची राहिली नव्हती, आणि जी अट शहरानें घातली होती ती पुरी झाली होती. मुंबईच्या वेळेचा पराभव झाला असें म्हणण्यापेक्षां तिचें काम संपलें, असें म्हणणें अधिक बरोबर होईल.

तथापि ती पूर्णपणें गेली आहे असेंहि नाहीं. पारशी समाजांत दिवसाचे पांच 'गेह' मानितात, आणि प्रत्येक गेहाच्या प्रार्थना निराळ्या असतात. त्यांपैकीं सकाळचा गेह संपून मध्यान्हाचा सुरू होतो तो क्षण मुंबईच्या पारशी घरांत दुपारीं बारा वाजतां धरीत नाहींत. तो १२ वाजून ३९-४० मिनिटांचा धरितात. ज्या वेळेसाठीं फिरोजशहा भांडले, ती त्यांच्याच ज्ञातीच्या प्रार्थनेंत अशी टिकून राहिली आहे. घड्याळांनीं जी वेळ टाकून दिली, ती भक्तीनें सांभाळली.

राजाबाई मनोऱ्याची दुरुस्ती २०१३ ते २०१५ या काळांत काळजीपूर्वक करण्यांत आली. त्याचे धुरकटलेले दगड आणि रंगीत काचा पुन्हां उजळल्या. २०१८ मध्यें ओव्हल मैदानाच्या भोंवतालच्या इमारतींना जागतिक वारशाचा मान मिळाला, आणि त्यांत हा मनोराहि आला. जुन्या विलायती गीतांचे सूर त्याच्या घंटांवर आतां वाजत नाहींत. त्याचे कांटे देशांतील इतर सर्व कांट्यांबरोबर चालतात, आणि तें योग्यच आहे.

पण एखाद्या निरभ्र दुपारीं कोणी ओव्हल मैदानावर उभा राहिला, आणि मनोऱ्यांत बारा वाजून गेल्यावर त्यानें आपल्या पायाजवळच्या सावलीकडे पाहिलें, तर ती अजून पुरी आंखडलेली नसते. सावली सर्वांत आंखूड होण्याचा क्षण वर्षाच्या सरासरीनें येतो तो १२ वाजून ३९ मिनिटांनीं. वर घड्याळ देशाची वेळ सांगत असतें, खालीं सावली गांवाची. एका मातेच्या नांवानें उभारलेल्या त्या मनोऱ्यापाशीं दोन्ही वेळा आतां कोणाशीं न भांडतां शेजारी शेजारी नांदत आहेत.